टालीवारोची विहीर

मला पायी हिंडायचा मनस्वी कंटाळा आहे. डॉक्टर म्हणतात चाला, सूनबाई म्हणते चाला, आणि हुडकेश्वरच्या आमच्या लेआउटमधल्या बायका संध्याकाळी पांढरे बूट घालून फाटकाशी उभ्या राहतात आणि म्हणतात, चला ना काकू, एक चक्कर मारून येऊ. मी म्हणते, बायांनो, माझ्या वाटचं चालून झालं. त्यांना ती गंमत वाटते. जरीपटक्यात दादांच्या मागे मागे मी किती पायपीट केली आहे, ते त्यांना काय सांगायचं.

परवा त्यांतलीच एक, नवीन राहायला आलेली, सहज विचारती झाली, काकू, तुम्ही मूळच्या कुठल्या? मी पारशिवनी म्हटलं. ती अच्छा म्हणाली, आणि तिच्या कुकरची शिटी झाली म्हणून आत पळाली. बस, एवढंच. मी कठड्याला धरून तिथेच उभी राहिले. हा प्रश्न विचारून कुणी असं पळून जातं का? दादा असते तर त्यांनी तिला पायरीवर बसवलं असतं, पाणी मागवलं असतं, आणि कुकर करपून गेला असता तरी पुरतं उत्तर ऐकल्याशिवाय तिला उठू दिलं नसतं.

दादा म्हणजे आमच्या शाळेतले टेकचंद सर. सिंधी लोकांत थोरल्या माणसाला दादा म्हणतात. सारा जरीपटका त्यांना दादा म्हणायचा, त्यांच्याहून वयाने मोठे असलेलेसुद्धा. फाळणीनंतर सिंधमधून आलेल्या लोकांची ती वस्ती. मी तिथल्या शाळेत मराठीची बाई म्हणून लागले ती साठच्या दशकाच्या मध्यावर. निर्वासितांच्या कॅम्पातल्या अर्ध्या बराकी तेव्हा उभ्या होत्या आणि उरलेल्यांच्या जागी विटांची घरं चढत होती. आम्ही जुन्या नागपुरात, महाल भागात राहायचो. पहिल्या दिवशी डबा भरताना सासूबाईंनी विचारलं होतं, तिकडं काहून जातं वं, आपल्या इकडच्या शाळा मेल्या का? शाळा मेल्या नव्हत्या, त्यांत जागा नव्हत्या.

हेडमास्तरांना नमस्कार करून मी वर्गाकडे वळले तर दारात एक उंच, खांद्यात वाकलेला माणूस छत्री आडवी धरून उभा. पांढरा पायजमा, मळखाऊ कोट, आणि पायात कॅनव्हासचे बूट, टाचेकडे ब्लेडने कापलेले, कारण टाच दुखायची. "वर्ग उद्या," ते म्हणाले. "आज मोहल्ला पाहा." मी हेडमास्तरांकडे पाहिलं, त्यांनी मान डोलावली. तिथला तो रिवाजच होता. शाळेत नवा आलेला माणूस आधी दादांबरोबर वस्ती हिंडून यायचा, मगच पोरांपुढे उभा राहायचा. आणि शिक्षकच कशाला, कुणाचे परगावचे पाहुणे, मोजणीला आलेले कारकून, मुलगी पाहायला आलेली मंडळी, जो कुणी येईल त्याला लोक दादांच्या हवाली करत.

आता कुणाला वाटेल, काय रसाळ बोलत असतील. छे! इतका थकलेला वाटाड्या मी जन्मात पाहिला नाही. चार घरं झाली की बसायचे. ओटा दिसला तर ओटा, नाही तर कुणाची तरी बादली उलटी करून तिच्यावर. बसले की म्हणायचे, थकलो, बाई. बाकीचे लोक रामराम म्हणतात तसं ते थकलो म्हणत. त्याला उत्तर द्यायचं नसतं हे मला फार उशिरा कळलं, तोवर मी आपली दर वेळी काळजीने विचारत बसायची. मी घड्याळाकडे पाहिलं की म्हणत, "घाई काहून? मोहल्ला कुठं पळून चालला?"

त्यांचं मराठी शेवंताबाईकडून आलेलं. शेवंताबाई आमच्या शाळेतली शिपाईण, लागूनच्या इंदोऱ्याची. छप्पन साली दीक्षा घेतलेलं घर, आणि बाई कुणाला भ्यायची नाही. तिने दादांना मले-तुले शिकवलं आणि दादा तेच साहेबांपुढेही बेधडक बोलत. मी मराठीची बाई. पहिल्या वर्षी त्यांना सुधारायला गेले, मग नाद सोडला.

त्या पहिल्या दिवशी उन्हाने डोकं भणभणत होतं. दादांनी देऊळ दाखवलं नाही, बाजार दाखवला नाही. आधी नेलं ते नळावर. म्हणाले, इथं पहिलं भांडण झालं. मग घरं सुरू झाली. छत्रीच्या टोकाने दार दाखवायचं आणि गाव सांगायचं. हे शिकारपूरचे. हे लाडकाण्याचे. हे सख्खरचे, यांच्याशी जास्ती बोलू नका, सोडत नाहीत. माणसाचं नाव शेवटी, सांगितलं तर. आणि प्रत्येक घरी पाणी आणि भाजलेला पापड. त्यांच्यात दारी आलेल्याला आधी पाणी-पापड देतात. नको म्हणणं म्हणजे त्या घराला मोजत नाही असं सांगणं. दुपार टळेपर्यंत माझ्या पोटात नुसतं पाणी डुचमळत होतं. दादांनी मात्र युक्ती काढली होती, ते एक तुकडा तोंडात टाकत आणि उरलेला पापड हळूच कोटाच्या खिशात सोडत. त्यामुळे त्यांच्या खिशात कायम पापडाचा चुरा असे आणि भूगोलाचा तास चालू असताना ते तो बोटाने काढून खात.

हिंडता हिंडता त्यांनी माझं सगळं काढून घेतलं. पारशिवनीला माहेर, शेती, पेंचचं पाणी, विहिरी किती, कुणाच्या. तिथलं कोणी नागपुरात आहे का, असं त्यांनी विचारलं तेव्हा मी वैतागून म्हटलं, शंभर आहेत, नको नको होतं. दादा थांबले. मग पुढे चालू लागले.

शेवटचं घर त्यांचं स्वतःचं, बराकीच्या कोपऱ्यातलं. छत्रीचं टोक दाराला लावून ते म्हणाले, "अन् इथं टालीवारोचा एक माणूस राहते. दुसरा अजून भेटला नाही."

गावाला सिंधीत गोठ म्हणतात आणि गाववाल्याला गोठाई. त्या वस्तीत गोठाईची किंमत सख्ख्या नात्याहून जास्त होती. कारण साधं आहे. इथे आल्यावर सगळेच नवे. कोण कुणाचा, बाप कसा होता, घरदार खरंच होतं की हा नुसत्या गप्पा हाणतो, हे सांगणार कोण? तिकडचं ज्याने पाहिलं आहे तोच. सोयरीक जमवताना पहिला प्रश्न तोच असायचा, तुमच्या गोठाचं इथे कोण? लग्नात गोठाई पुढच्या बाजेवर बसायचे, मयतीला ते आधी धावायचे. प्रत्येकाला दोन-चार गोठाई होते, कुणाला गल्लीभर होते. दादांना एकही नव्हता. टालीवारो हे कालव्याकाठचं लहानसं खेडं, तिथे हिंदूंची घरंच मोजकी. निघताना सगळी पांगली. दादांचे आईवडील कॅम्पातल्या पहिल्याच उन्हाळ्यात गेले. बायको मिळाली ती सख्खरची, तिने टालीवारो पाहिलेलं नाही, आणि तीही मोहिनी नावाची एक मुलगी मागे ठेवून लवकर गेली. दादा आपल्या गावाचं सगळ्यांना सांगत, बापाचं नाव केवलराम, घरापुढे शिसवीचं झाड, सगळं सांगत. पण स्वतःचं स्वतः सांगितलेलं कोण धरतं?

म्हणून तो माणूस हिंडत होता. आम्हाला वाटायचं वस्ती दाखवतो. तो येणाऱ्या प्रत्येकाला गाव विचारत होता, कधी तरी एकजण टालीवारो म्हणेल म्हणून. हे कळल्यावर मला त्यांच्या बसण्याचा राग येईनासा झाला.

माझ्या देखत एकदा एकजण म्हणालाही. अमरावतीकडून आलेला, कापडाची फेरी करणारा, अंगाने भरलेला गृहस्थ. दादांनी गाव विचारण्याआधीच त्याला कुणीतरी सांगितलं असणार, कारण त्याने टालीवारो असं ठणकावून सांगितलं. दादा त्याला घरी घेऊन गेले. शाळा सुटली होती, मी आणि शेवंताबाई मागोमाग गेलो. मोहिनी तेव्हा परकर-पोलक्यातली, तिने त्याला कांदा घातलेल्या जाड पोळ्या आणि दही वाढलं. दादांनी त्याला जेवू दिलं आणि मग विचारलं, विहिरीवरची चिंच आठवते का? तो माणूस घास हातात धरून हळवा झाला. आठवते म्हणजे काय, म्हणाला, तिच्याच चिंचा खाऊन मोठा झालो. दादा हं म्हणाले. त्याला पोटभर वाढलं, पान दिलं, बसपर्यंत पोचवून आले आणि दारातल्या बादलीवर बसले.

शेवंताबाई म्हणाली, दादा, गाववालं भेटलं तुमचं, मंग तोंड काहून पाडलं?

"टालीवारोत विहीर नव्हती, शेवंताबाई," दादा म्हणाले. "जमिनीखाली सारं खारं पाणी. आमी कालव्याचं पाणी पेत होतो. चिंचेचं झाड मी इथं येऊन पाहिलं."

मग त्यांनी सांगितलं की जो कुणी टालीवारोचं नाव घेतो त्याला ते हेच विचारतात. लोक भूक लागली म्हणून हो म्हणतात, मन मोडू नये म्हणूनही म्हणतात. खरा गाववाला असेल तो हसेल. सिंधीत वेड्याला चरियो म्हणतात, तो म्हणेल, चरिया, आपल्याकडे विहीर कुठली? "मले कोणी येडं म्हणावं म्हणून मी विचारून राहिलो," दादा म्हणाले, आणि खिशातला चुरा खाऊ लागले. शेवंताबाई फाटकाची कडी लावून निघून गेली.

खोट्याचा त्यांना इतका तिटकारा होता की त्यापायी हेडमास्तर हैराण असत. दादा रजेच्या अर्जात कारण लिहीत, थकलो. हेडमास्तर हात जोडत, अहो, ताप लिहा, पोटदुखी लिहा, वर काय दाखवू मी? दादा म्हणत, ताप आला की ताप लिहीन. नापास पोराला अर्धा गुण वाढवायला त्याचा बाप मिठाई घेऊन आला तर दादा मिठाईचा एक तुकडा खाऊन, छान आहे म्हणून, डबा परत देत. पोरगा नापासच राही.

एका दिवाळीच्या सुट्टीत ते पारशिवनीला आले. मलाच म्हणाले होते, एकदा तुमचं गाव दाखवा. आता मला वाटाड्या व्हायची पाळी आली. एसटीतून उतरलो आणि शंभर पावलांत मला चार जणांनी अडवलं. कोणाची वं तू, भोयराची धाकटी का? नवरा कुठं? पोरं किती? हा मास्तर कोण? एका म्हातारीने तर माझा हात धरून, मी लहानपणी तिच्या वाडीतले पेरू चोरले होते ते साऱ्या चौकाला ऐकवलं. मी चिडले. माझ्या कपाळावरच्या आठ्या पाहून दादा म्हणाले, "चिडू नका, बाई." मग आमच्या विहिरीच्या कठड्यावर बसून बराच वेळ आत पाहत राहिले. "तुमी पेरू चोरला हे इथं दुसऱ्याले माहीत आहे," ते म्हणाले. "मले कधी कधी वाटते, टालीवारो मीच बनवलं का? नसंलच ते." मी त्यांना पाणी दिलं.

मग मोहिनी लग्नाची झाली आणि हा सगळा प्रकार घरात शिरला. मुलगी गुणी, दिसायला नेटकी, शिवणकाम शिकलेली. दोन स्थळं आली आणि दोन्ही त्याच एका प्रश्नावर परत गेली. मुलीचे आजोबा कोण, हे सांगणारा एक तरी गोठाई आणा. लोक दादांना मान देत होते, पण सोयरीक करताना मान वेगळा आणि माहिती वेगळी. तिसरं स्थळ गोंदियाचं आलं तेव्हा मोहिनीचा चेहरा मी पाहिला. मुलाने तिला कुणाच्या तरी लग्नात पाहिलं होतं आणि तिनेही त्याला. ते मोडलं असतं तर त्या पोरीने पुन्हा मान वर केली नसती.

मुलाचे काका सगळं ठरवणारे. करडा माणूस, मिशी, हातात काठी. दुसरा कुणी असता तर त्याला घरात बसवून गोडधोड खाऊ घातलं असतं. दादांनी काय करावं? त्याला वस्ती दाखवायला नेलं. रिवाज म्हणजे रिवाज. मलाही बरोबर घेतलं, कारण मुलाच्या आईशी बोलायला घरात बाईमाणूस नव्हतं. उन्हाळा होता, मुलाची आई आणि मी डोक्याला पदर गुंडाळून त्या दोघांच्या मागे. शिकारपूरचे, लाडकाण्याचे, सख्खरचे. पाणी, पापड. पाणी, पापड. तेवढ्या वर्षांत मला सिंधी बऱ्यापैकी समजू लागलं होतं. काका प्रत्येक घरी बसत होते, सगळं ऐकत होते आणि प्रत्येक घरातून निघताना त्यांचा चेहरा जास्त बंद होत होता. दुसऱ्यांचे गोठाई पाहून त्यांना एकच गोष्ट जास्त जास्त दिसत होती.

शेवटी आम्ही पापडवाल्या बायकांच्या अंगणात आलो. तिथे सात-आठ बायका बाजांवर पापड वाळत घालत होत्या. त्यांत ईश्वरीबाई होती. काही महिन्यांपूर्वीच ती कल्याणकडच्या कॅम्पातून आली होती. नवरा गेल्यावर दिरांनी घराबाहेर काढलेलं, मूलबाळ नाही. इथे पापड लाटायची आणि तिथल्याच पडवीत राहायची. कुणाशी फारसं बोलणं नाही. काकांनी अंगणाच्या मधोमध काठी टेकली आणि सगळ्यांना ऐकू जाईल असं विचारलं, दादा, साऱ्यांचे गोठ दाखवलेत, तुमच्या गोठाचं कोण?

दादा बादली शोधू लागले. बादली नव्हती, ते तसेच उभे राहिले.

तेव्हा ईश्वरीबाई पिठाचे हात पदराला पुसत उठली. म्हणाली, मी आहे ना. टालीवारोची. यांच्याच गल्लीतली. साईं केवलरामांच्या घरापुढे शिसवीचं झाड होतं, आम्ही सगळी पोरं तिथे खेळायचो. हे सगळं वस्तीतल्या कुत्र्यामांजरालाही पाठ होतं, दादांनीच सांगून सांगून केलेलं. पण काकांना ते कुठे माहीत? त्यांनी मान वळवून दादांकडे पाहिलं.

आणि दादांनी विचारलं, "विहिरीवरची चिंच आठवते?"

मला आजही खात्री आहे, त्यांना ते विचारायचं नव्हतं. इतक्या वर्षांचं वळण, टालीवारो कानावर पडलं की तोंडातून तेच निघायचं. ईश्वरीबाई छान हसली. म्हणाली, न आठवायला काय झालं? त्या चिंचेखाली तर आम्ही दुपारी झोके घ्यायचो.

बायकांना विहिरीचं काही माहीत नव्हतं, ते गुपित दादांचं, शेवंताबाईचं आणि माझं. सगळे दादा काय म्हणतात याची वाट पाहत होते. ज्याने रजेच्या अर्जात ताप लिहिला नाही तो माणूस छत्री दोन्ही हातांनी धरून उभा होता. मला वाटलं, आता हा म्हणणार, विहीर नव्हती. मी मनातल्या मनात मोहिनीचं नाव घेत होते. दादा चालत ईश्वरीबाईपाशी गेले, वाकले आणि तिचा पिठाचा हात उचलून आपल्या डोक्यावर ठेवला. "अदी," म्हणाले, म्हणजे ताई. मग काकांकडे वळून त्यांनी सांगितलं, हो साईं, टालीवारोचीच आहे. पाणी आलं, पापड आला, आणि काकांनी त्या अंगणात पहिल्यांदा अख्खा पापड खाल्ला.

दुसऱ्या दिवशी मधल्या सुट्टीत दादा स्टाफरूममध्ये माझ्यासमोर येऊन बसले. थकलो म्हणाले नाहीत.

"तुमी ऐकलं ना, बाई."

मी म्हटलं, ऐकलं. पोरीचं भलं झालं दादा, एका शब्दाने काही बिघडत नाही. बाकी कुणीही तेच म्हटलं असतं.

"पोरीचं झालं," ते म्हणाले. "पण आता मले कोणाले विचारता येत नाही. उद्या खरा कोणी आला, अन् हसून म्हणाला, विहीर कुठली, तर पोरीचं घर मोडते. इतकी वर्षं मी त्याची वाट पाहून राहिलो, बाई. आता तो येऊ नये म्हणून देवाले सांगा लागते."

घंटा झाली, ते वर्गावर गेले.

मला ईश्वरीबाईचा राग आला होता, खोटं नाही सांगत. बरं केलं की वाईट केलं, काही कळत नव्हतं, म्हणून राग. चार दिवसांनी मी अंगणात गेले आणि स्पष्टच विचारलं, तुमचं स्वतःचं गाव कोणतं? तिने सांगितलं. मोठं, नावाजलेलं गाव, दादा छत्रीने दाखवायचे त्यातलं एक. पापड उलटवत ती म्हणाली, "माझ्या गोठाचे इथे गल्लीभर लोक आहेत. मी आल्यापासून एकानेही पाणी विचारलं नाही. या माणसाने पहिल्या दिवशी मला गाव विचारलं. मी सांगितलं ते त्याला हवं होतं ते नव्हतं, तरी पाणी दिलं." मग तिने मला पाणी दिलं आणि माझा राग तिथेच संपला.

मोहिनीचं लग्न झालं. पुढच्या बाजेवर ईश्वरीबाई नवी ओढणी घेऊन बसली होती आणि आत्याचा सगळा मान तिने घेतला. शेवंताबाई माझ्या कानाशी लागून म्हणाली, पाहा वं बाई, कशी मालकिणीवानी बसली.

त्यानंतर दादांची वस्ती दाखवणं चालू राहिलं, पण त्यात जीव उरला नाही. गाव विचारणं त्यांनी सोडलं. ते चटकन उरकू लागले, बसेनात. नव्या शिक्षकांना वाटायचं, बरं आहे, तासाभरात सुटका होते. मला मात्र ते बघवत नसे. आणि एक नवंच काम त्यांच्या मागे लागलं. गोंदियाची माणसं येत-जात राहणार, ईश्वरीबाई कुठे चुकू नये म्हणून तिला गाव शिकवणं भाग होतं. शाळा सुटली की ओट्यावर बसून दादा तिला टालीवारो सांगत, कालवा कुठून यायचा, कुणाचं घर कुठे. इतकी ढ विद्यार्थिनी त्यांना कधी मिळाली नसेल. ती सगळ्याची सरमिसळ करायची, वर आपल्या पदरचं घालायची. आज सांगितलेलं उद्या उलटं. दादा डोकं धरून बसत आणि पुन्हा पहिल्यापासून सुरू करत.

पुढे माझी बदली झाली, दादा निवृत्त झाले, आणि आपापल्या रहाटगाडग्यात भेटी कमी होत गेल्या. ऐंशीच्या दशकात, मीही निवृत्तीला आले होते तेव्हा, एकदा जरीपटक्याला जाणं झालं. बराकी गेल्या होत्या. दुमजली घरं, खिडक्यांना कूलरचे पत्र्याचे डबे, गल्ली ओळखू येईना. मी चुकले. ज्याने मला ती वस्ती हिंडवून हिंडवून दाखवली त्याचं घर मला दोन जणांना विचारावं लागलं.

दादा ओट्यावर खुर्चीत होते. फार वाळले होते, छत्री खुर्चीच्या पाठीला अडकवलेली. शेजारी खाली ईश्वरीबाई मटार सोलत बसली होती, आणि सुट्टीला आलेली मोहिनीची मुलगी, असेल आठ-नऊ वर्षांची, शेंगांतले दाणे पळवत होती. मला पाहून दादा म्हणाले, थकलो, बाई. किती वर्षांनी ऐकलं मी ते. बरं वाटलं.

पाणी आलं, पापड आला. ईश्वरीबाई मुलीला काहीतरी सांगत होती ते तिने पुढे चालू केलं. टालीवारोचंच. चिंचेचा झोका, विहिरीच्या पायऱ्या, पायऱ्यांवर भांडणाऱ्या बायका. इतकं बारीक सांगत होती की मीही ऐकत बसले. मुलीने मान वर करून दादांना विचारलं, नाना, त्या विहिरीचं पाणी कसं होतं?

दादांचं लक्ष कुठे होतं कुणास ठाऊक. म्हातारा माणूस, खरं तेच तोंडातून निघालं. ते म्हणाले, खारं.

ईश्वरीबाईचे हात थांबले. तिने मटारचं सुपडं खाली ठेवलं आणि मान वळवून चांगलं खडसावलं त्यांना. "चरियो झालास का? आपल्या विहिरीचं पाणी खारं? अख्खा गाव पीत होता. गोड होतं, साखरेसारखं."

दादांनी तिच्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे. आणि ते हसायला लागले. मी त्यांना तसं हसताना कधी पाहिलं नव्हतं, खांदे हलत होते, खोकला आला तरी थांबेनात. डोळे पुसत त्यांनी नातीला जवळ ओढलं.

"गोड होतं," ते म्हणाले. मग मला म्हणाले, "ऐकलं का, बाई? मले येडं म्हणून राहिली."

ईश्वरीबाई पुटपुटत पुन्हा मटार सोलू लागली. दादांनी आपल्या बशीतला उरलेला पापड मोडला आणि अर्धा तिच्या हातावर ठेवला.